टार्टन वस्त्राची वंशावळ

इ. स. १९८३ सालीं केंब्रिज विद्यापीठाच्या मुद्रणालयानें ‘दि इन्व्हेन्शन ऑफ ट्रॅडिशन’ या नांवाचा एक निबंधसंग्रह प्रसिद्ध केला. एरिक हॉब्सबॉम व टेरेन्स रेंजर हे त्याचे संपादक. ज्या रूढि आपण पुराणकाळापासून चालत आलेल्या समजतों, त्यांपैकीं कित्येक गेल्या दीड-दोनशें वर्षांतच कोणीतरी बुद्ध्या घडविलेल्या असतात, हें त्या संग्रहाचें सूत्र. त्यांतील सर्वांत वाचनीय, आणि सर्वांत बोचरा, निबंध ह्यू ट्रेव्हर-रोपर यांचा आहे. ऑक्सफर्ड येथें इतिहासाच्या मानाच्या अध्यासनावर २३ वर्षें बसलेल्या या इंग्रज पंडितानें स्कॉटलंडच्या डोंगरी परंपरेला, म्हणजे किल्ट, टार्टन आणि कुळपरत्वें ठरलेल्या चौकड्या यांना, हातीं घेऊन तिचा एकेक टांका उसवून दाखविला आहे. त्यांचा निष्कर्ष असा कीं, किल्ट एका इंग्रज कारखानदारानें शोधला, कुळांचीं टार्टनें एका विणकर पेढीनें व दोन तोतयांनीं निर्माण केलीं, आणि जो वेष सगळें जग स्कॉटलंडचा सनातन वेष म्हणून ओळखतें, तो १७०७ सालीं स्कॉटलंड इंग्लंडाशीं एक झाल्यानंतर जन्मास आला. निबंध वाचतांना हसूं आवरत नाहीं. परंतु हसून झाल्यावर एक प्रश्न मनांत उरतो : एखादी परंपरा बनावट ठरली म्हणजे तिचें पुढें करावयाचें काय? हा प्रश्न एकट्या स्कॉच लोकांचा नव्हे. म्हणून त्या निबंधाची जरा सावकाश तपासणी करण्याचें आम्हीं योजिलें आहे.

प्रथम वस्तूचीच ओळख करून घेऊं. टार्टन म्हणजे नक्षी छापलेलें कापड नव्हे. त्याची नक्षी विणींतच असते. ताण्यांत रंगीत लोकरीच्या धाग्यांचा जो क्रम ठरला असेल, तोच क्रम बाण्यांतहि राखावयाचा, एवढाच त्याचा मूळ नियम. लाल धाग्यावरून लाल धागा गेला म्हणजे शुद्ध लाल रंग दिसतो. हिरव्यावरून लाल गेला म्हणजे दोहोंची मिश्र छटा उमटते. म्हणून दोन रंगांतून तीन आणि सहा रंगांतून एकवीस छटा निघतात. बाण्याचा धागा दोन धाग्यांवरून व दोन धाग्यांखालून जातो आणि दर ओळीस एका धाग्यानें सरकतो; त्यामुळें कापडावर बारीक तिरप्या रेघा उठतात आणि दोन रंगांची मिसळण डोळ्याला मऊ वाटते. या धाग्यांच्या क्रमाला ‘सेट’ म्हणतात. सेट म्हणजे केवळ आंकड्यांची एक ओळ : इतके धागे काळे, इतके हिरवे, इतके पिवळे. ती ओळ ज्याच्यापाशीं आहे त्याला तें कापड पृथ्वीच्या पाठीवर कोठेंहि जसेंच्या तसें विणतां येतें. टार्टनच्या पुढील साऱ्या भाग्याचें आणि साऱ्या लबाडीचें बीज या सोयींतच आहे.

असलें कापड स्कॉटलंडांत जुनें आहे, याविषयीं वाद नाहीं. फॉल्कर्क गांवीं, रोमन लोकांनीं बांधलेल्या अँटोनाइन तटाजवळ, १९३३ सालीं नाण्यांनीं भरलेलें एक मडकें सांपडलें. त्याच्या तोंडाशीं बोळा म्हणून कोंबलेला लोकरीचा तुकडा इसवी सनाच्या तिसऱ्या शतकांतील आहे, व त्यावर न रंगविलेल्या दोन लोकरींची साधी चौकडी आहे. ग्लेन अफ्रिक येथील दलदलीच्या मातींतून निघालेल्या दुसऱ्या एका तुकड्याची अलीकडे रासायनिक तपासणी झाली. तो १५०० ते १६०० या काळांतील ठरला आणि २०२३ सालीं डंडी येथील संग्रहालयांत मांडण्यांत आला. मार्टिन मार्टिन या बेटवासी लेखकानें १७०३ सालीं पश्चिमेकडील बेटांचें वर्णन प्रसिद्ध केलें. त्यांत तो सांगतो कीं, बायका सेटमधील धाग्यांची संख्या एका लांकडी काठीवर नोंदून ठेवतात, आणि माणसाचें वस्त्र पाहून तो कोणत्या भागांतला हें जाणत्यास सांगतां येतें. येथें ‘भाग’ हा शब्द ध्यानांत ठेवण्याजोगा आहे. वस्त्रावरून ओळखूं येई तो मुलूख, कुळ नव्हे. जवळच्या झाडापाल्यांतून जो रंग निघे तो त्या खोऱ्याचा रंग, आणि तेथील विणकरणीच्या हाताची जी सवय ती त्या खोऱ्याची चौकडी, इतका तो साधा व्यवहार होता.

कुळाकुळाचें टार्टन ठरलेलें होतें या समजुतीला मात्र आधार सांपडत नाहीं, आणि येथें ट्रेव्हर-रोपर यांचें म्हणणें निर्विवाद आहे. १७०४ सालीं ग्रँट घराण्याच्या जहागिरीत कुळांनीं लाल-हिरवा पोषाख करून हजर राहावें असा हुकूम निघाल्याची नोंद आहे. पण त्याच घराण्यांतील माणसांचीं जीं चित्रें त्या शतकांत काढलेलीं आढळतात, त्यांत एकाची चौकडी दुसऱ्याशीं जुळत नाहीं. डेव्हिड मोरिये यानें १७४५ च्या बंडांतील चकमकीचें जें चित्र रंगविलें, त्यांतील आठ डोंगरी शिपायांच्या अंगावर वीसांहून अधिक निरनिराळीं टार्टनें मोजतां येतात. एकाच माणसाचा कोट एका चौकडीचा तर पायमोजे दुसरीचे. १६ एप्रिल १७४६ रोजीं कलोडनच्या माळावर स्ट्युअर्ट राजपुत्राचें सैन्य धुळीस मिळालें, त्या दिवशीं शत्रु-मित्राची ओळख टोपीवरच्या फितीच्या फुलावरून पटत होती, टार्टनवरून नव्हे.

किल्टची कथा याहून रंजक आहे. डोंगरी माणसाचें जुनें वस्त्र म्हणजे प्लेड. आमच्या वाचकांनीं धनगराचें घोंगडें डोळ्यांपुढें आणावें. कित्येक वार लांबीचें हें न शिवलेलें कापड जमिनीवर पसरावयाचें, त्याच्या चुण्या घालावयाच्या, वर आडवें होऊन कमरेशीं पट्टा आंवळावयाचा, आणि उरलेला भाग खांद्यावर टाकावयाचा. दिवसा तेंच वस्त्र, रात्रीं तेंच पांघरूण. इ. स. १७३० च्या सुमारास ग्लेनगॅरी खोऱ्यांत टॉमस रॉलिन्सन नांवाच्या लँकाशायरच्या क्वेकरानें लोखंडाची भट्टी घातली. भट्टीपुढें काम करणाऱ्या मजुरांस हें अवजड वस्त्र अडचणीचें होतें, म्हणून त्यानें खालचा अर्धा भाग कापून निराळा शिवून घेतला, अशी हकीकत आहे. ट्रेव्हर-रोपर हिच्यावर पुष्कळच भार देतात. परंतु ही हकीकत छापून आली १७८५ सालीं, आणि तीहि एका जुन्या पत्राच्या रूपानें. तिच्याविषयीं अभ्यासकांत अजून वाद आहे. ती खरी धरली तरी तीतून निघतें काय? जें वस्त्र लोक पिढ्यान्‌पिढ्या नेसत होते त्याचें एका परक्यानें कामाच्या सोयीसाठीं दोन तुकडे केले, इतकेंच. घोंगड्याची कोणी बंडी शिवली म्हणून घोंगडें त्यानें शोधलें असें आपण म्हणत नाहीं. पंडितांना येथें विनोदाचा मोह आवरला नाहीं, असें आमचें मत आहे.

या साध्या वस्त्राला जें तेज चढलें तें त्याच्या भक्तांनीं चढविलेलें नव्हे. तें त्याच्या शत्रूंनीं चढविलें. कलोडननंतर त्याच वर्षीं पार्लमेंटानें कायदा केला कीं, स्कॉटलंडांत कोणाहि पुरुषानें वा मुलानें डोंगरी पोषाख करूं नये. पहिल्या अपराधास सहा महिने तुरुंगवास, दुसऱ्यास सात वर्षें हद्दपारी. हा निर्बंध १७८२ पर्यंत, म्हणजे सुमारें ३५ वर्षें, कायद्याच्या पुस्तकांत राहिला. एवढ्या अवधींत एक पिढी सरते. काठीवर खुणा करणाऱ्या म्हाताऱ्या गेल्या, रंगांच्या कृति विसरल्या गेल्या, आणि कायदा उठला तेव्हां पुष्कळांना तो वेष पुन्हा धारण करण्याची ना ऐपत उरली होती ना हौस.

या कायद्यांतून एक वर्ग मात्र वगळला होता : सरकारी सैन्य. ‘ब्लॅक वॉच’ ही डोंगरी पलटण १७३९ सालीं उभी राहिली होती, आणि तिच्या अंगावर गर्द निळें-हिरवें टार्टन होतें. जें वस्त्र आपल्या टेंकडीवर नेसलें तर बेडी पडे, तेंच राजाच्या चाकरींत नेसलें तर पगार मिळे. बंडखोराचा वेष साम्राज्याचा गणवेष झाला तो असा. या गणवेषधाऱ्यांशीं महाराष्ट्राचीहि गांठ पडली आहे. २३ सप्टेंबर १८०३ रोजीं आसईच्या रणांगणावर शिंदे-भोसल्यांच्या फौजेसमोर आर्थर वेलस्लीपाशीं गोऱ्या पायदळाच्या दोनच पलटणी होत्या, ७४ वी व ७८ वी, आणि दोन्ही हायलंडरांच्या. ७४ व्या पलटणीचा त्या दिवशीं शिंद्यांच्या तोफांपुढें जवळजवळ संहार झाला. आपल्या डोंगरांत हरलेल्यांचे वंशज परक्या मुलखांत, त्यांना हरविणाऱ्यांच्याच निशाणाखालीं, मरत होते. आणि या मरणानेंच टार्टनला राजदरबारीं मान मिळत होता.

यानंतर बाजार आला. बॅनकबर्न गांवच्या विल्सन पेढीनें पलटणींना टार्टन पुरवून व्यापार वाढविला. तिच्या १८१९ च्या नमुनेवहींत दोनशेंहून अधिक सेट आहेत. यांतील कित्येकांना आरंभीं केवळ अनुक्रमांक होते. गिऱ्हाइकाची मागणी येई तसें एखाद्या कुळाचें किंवा गांवाचें नांव त्यांना चिकटे. लंडनच्या हायलंड सोसायटीनें १८१५ पासून कुळप्रमुखांकडून आपापल्या टार्टनचे मोहोरबंद नमुने मागविण्यास प्रारंभ केला, तेव्हां खुद्द लॉर्ड मॅक्डोनल्ड यांनीं आपलें टार्टन नेमकें कोणतें हें आपणांस ठाऊक नाहीं, अशी कबुली दिली. ट्रेव्हर-रोपर यांनीं दिलेलें एक उदाहरण आमच्या मनांतून जात नाहीं. आज मॅक्फर्सन कुळाच्या नांवानें जी चौकडी चालते तिचें पूर्वीचें नांव ‘किड’. कारण किड नांवाच्या गृहस्थानें वेस्ट इंडीजमधील आपल्या गुलामांना नेसविण्यासाठीं ती घाऊक विकत घेतली होती. आणि त्याच्याहि पूर्वीं तिला नांवच नव्हतें, होता तो १५५ हा अनुक्रमांक.

१८२२ च्या ऑगस्टांत चौथा जॉर्ज एडिंबरोस आला. त्या सोहळ्याचे सूत्रधार होते सर वॉल्टर स्कॉट. राजानें स्वतःच्या डोंगरी पोषाखावर १,३५४ पौंड १८ शिलिंग खर्चिले, आणि त्याच्या स्थूल देहावर किल्ट व त्याखालीं गुलाबी विजार पाहून व्यंगचित्रकारांची दिवाळी झाली. स्कॉटच्या आग्रहावरून सपाटीवरचे वकील आणि सावकारहि टार्टन गुंडाळून मिरवले. मेकॉले स्वतः डोंगरी वंशाचा. त्यानें आपल्या इतिहासांत या प्रसंगाला असा टोला दिला आहे कीं, एकीकरणापूर्वीं दहांतील नऊ स्कॉच माणसें ज्या वेषाला चोराचा वेष समजत, तो चढवून राजानें स्कॉच राष्ट्राचा सन्मान केला! यापुढें आले ते दोन बंधु. मूळचें आडनांव ॲलन; पण आपण स्ट्युअर्ट राजपुत्राचे नातू आहों असें भासवून ते सोबीस्की स्ट्युअर्ट म्हणवूं लागले. १८४२ सालीं त्यांनीं ‘वेस्टिॲरियम स्कोटिकम’ हा ग्रंथ छापला. आपणांपाशीं सोळाव्या शतकांतील हस्तलिखित आहे असें सांगून त्यांनीं ७५ टार्टनें रंगीत चित्रांसह दिलीं. तें हस्तलिखित कोणासहि पाहावयास मिळालें नाहीं; स्कॉटला आधींच संशय आला होता, आणि १८४७ सालीं ‘क्वार्टर्ली रिव्ह्यू’नें त्यांचा तोतयेपणा चव्हाट्यावर मांडला. तरीहि त्या ग्रंथांतील कित्येक टार्टनें आज त्या त्या कुळाचे वारस निष्ठेनें नेसतात. ॲल्बर्टनें १८५३ त आपल्या बॅल्मोरलसाठीं नवें टार्टन स्वतः रेखाटलें, तेव्हां या नव्या परंपरेवर राजमुद्राच उमटली.

येथवर ट्रेव्हर-रोपर यांचें बोट धरून चालण्यास आमची हरकत नाहीं. हरकत आहे ती त्यांच्या हंसण्याच्या जातीला. त्यांचा सूर असा कीं, परंपरेचा जन्मदाखला खोटा निघाला, आतां तिचें आयुष्यहि खोटें. स्कॉटलंडला वेगळें विधिमंडळ देण्यास त्यांचा विरोध होता. तेव्हां हा सूर केवळ पांडित्याचा नव्हे, हें वाचकानें विसरूं नये. आणि दैवाची थट्टा अशी कीं, हा निबंध ज्या १९८३ सालीं प्रसिद्ध झाला, त्याच सालच्या एप्रिलांत याच पंडितांनीं हिटलरच्या म्हणून पुढें आलेल्या रोजनिशा खऱ्या आहेत अशी ग्वाही दिली. त्यांना लवकरच स्वतः शंका आली, आणि पंधरवडा लोटला नाहीं तोंच त्या बनावट असल्याचें सिद्ध झालें. हा उल्लेख आम्ही त्यांना हिणविण्यासाठीं करीत नाहीं. बनावटीला मनुष्य कां भुलतो याचें उत्तर भोळेपणांत नसून इच्छेंत असतें, हें त्यांच्याच अनुभवावरून दिसतें, एवढेंच दाखवावयाचें आहे.

मग टार्टनच्या बाबतींत ती इच्छा कोणाची होती? आमच्या मतें खरा आरोप येथें आहे, आणि तो त्या निबंधांत पुरेसा उमटलेला नाहीं. ज्या वर्षांत कुळांचीं टार्टनें ‘सांपडत’ होतीं, त्याच वर्षांत कुळें नाहींशीं होत होतीं. जमीनदारांना माणसांपेक्षां मेंढ्या किफायतशीर वाटूं लागल्या होत्या. १७९२ सालीं रॉसशायरच्या शेतकऱ्यांनीं त्या मेंढ्यांचे कळप हांकून लावले, तेव्हां त्यांना दडपण्यासाठीं जी पलटण धाडण्यांत आली ती ‘ब्लॅक वॉच’च होती. १८१४ सालीं सदर्लंडमधील स्ट्रॅथनेव्हर खोऱ्यांत कुळांना काढून घरांचीं छपरें जाळलीं गेलीं. त्याबद्दल कारभारी पॅट्रिक सेलर यावर १८१६ त खटला झाला आणि तो निर्दोष सुटला. ग्लेनगॅरीचा मॅक्डोनेल हा तर या युगाचा नमुनाच. रेबर्ननें रंगविलेल्या त्याच्या चित्रांत तो नखशिखांत टार्टन लेवून उभा आहे. ‘खऱ्या हायलंडरांची’ एक मंडळीहि त्यानें १८१५ सालीं काढली होती. आणि याच गृहस्थाच्या जमिनीवरून कुळांची हकालपट्टी होत होती. १८२२ च्या मिरवणुकींत तोहि होता आणि सदर्लंडची तुकडीहि होती. नायकाच्या अंगावरचें वस्त्र जसजसें रंगीत होत गेलें, तसतसा त्याच्या मागें चालणारा माणूस जहाजांत चढून कॅनडाची वाट धरीत होता. बनावट ग्रंथ लिहिणाऱ्या दोघां बंधूंनीं कोणाचें घर जाळलें नाहीं. त्यांची लबाडी हास्यास्पद आहे. पण टार्टनच्या झगमगाटांत जळकीं छपरें दिसेनाशीं झालीं, ही लबाडी हास्यास्पद नाहीं.

आणि तरीहि, जे हांकलले गेले त्यांच्या नातवंडांनींच या वस्त्राला अधिक कवटाळलें. अमेरिकेच्या सेनेटनें १९९८ सालीं ६ एप्रिल हा ‘टार्टन दिन’ मानला. नोव्हा स्कोशियाला स्वतःचें टार्टन आहे. १९६९ च्या नोव्हेंबरांत चंद्रावर उतरलेल्या ॲलन बीनच्या सामानांत मॅक्बीन टार्टनचा एक तुकडा होता. स्कॉटलंडच्या विधिमंडळानें २००८ सालीं कायदा करून टार्टनांची सरकारी नोंदवही उघडली. तींत कोणीहि, कोणत्याहि देशाचा मनुष्य, नवा सेट नोंदवूं शकतो, मात्र तो आधींच्या सेटांहून वेगळा पाहिजे. म्हणजे परंपरा घडविली जाते हें आतां चोरून करावयाचें कामहि राहिलें नाहीं. त्याची शुल्क भरून पावती मिळते.

या आकर्षणाचें मर्म आम्हांस असें वाटतें. घरदार, भाषा आणि शेत गेलेल्या माणसाला आपलें आडनांव तेवढें उरतें. आडनांव डोळ्याला दिसत नाहीं, अंगावर घेतां येत नाहीं. टार्टननें तें दिसेल आणि पांघरतां येईल असें केलें. त्यानें जें पांघरलें तें आजोबांचें वस्त्र नव्हतें, हें खरें; परंतु आजोबा होते, आणि त्यांना घराबाहेर काढलें होतें, हेंहि खरें. दुसरें सत्य आठवण्यासाठीं पहिलें असत्य उपयोगीं पडलें, तर केवळ जन्मदाखला तपासून निवाडा करणारा इतिहासकार अर्ध्याच पुराव्यावर निकाल देतो.

याचा अर्थ बनावटीला अभय द्यावें असा नव्हे. ट्रेव्हर-रोपर यांनीं उसवलेले टांके उसवलेलेच राहूं द्यावेत. खोटें हस्तलिखित भावनेच्या जोरावर खरें होत नाहीं, आणि इतिहासाच्या वर्गांत त्याला जागा नाहीं. आमचें म्हणणें इतकेंच कीं, परंपरेला दोन प्रश्न विचारावेत. ती केव्हां जन्मली हा पहिला. तो विद्वानांनीं विचारला आहे. ती काय आठवावयास लावते आणि काय विसरावयास लावते, हा दुसरा. एडिंबरोच्या मिरवणुकींतील टार्टन विसरावयास लावीत होतें. नोव्हा स्कोशियाच्या किनाऱ्यावरील टार्टन आठवावयास लावतें. सेट तोच, धाग्यांची संख्या तीच. फरक आहे तो कोणीं, कोणासमोर आणि कशासाठीं तें नेसलें यांत. आणि आपल्या घरच्या पगड्या, मिरवणुकी व वंशावळी तपासतांनाहि हाच दुसरा प्रश्न विचारण्याचें धैर्य आम्हांस हवें आहे.